जाहीर आणि अंतरीचे

गतकाळाची हुरहुर ही म्हातारपणाची मिरास आहे, असे आपण सगळेच धरून चालतो. ज्याच्या मागे पुष्कळ आयुष्य पडले आणि पुढे थोडके उरले, त्याने मागे वळून पाहावे, उसासा टाकावा, ‘आमच्या वेळी असे नव्हते हो’ म्हणून सुरुवात करावी, आणि घरातल्या पोरांनी हळूच तिथून काढता पाय घ्यावा, हा तर घरोघरचा ठरलेला रिवाज. परंतु पस्तिशी-चाळिशीची, ऐन कर्तेपणातली माणसे असा उसासा टाकू लागली, आणि तोही गावाकडच्या वाड्यासाठी किंवा नदीच्या घाटासाठी नव्हे, तर संगणकाच्या पडद्यावर कधी काळी दिसणाऱ्या आणि आता कायमच्या पुसल्या गेलेल्या काही पानांसाठी, म्हणजे त्याला काय म्हणावे? ऐकणाऱ्याला प्रथम गंमत वाटते. माणसाने गावावर प्रेम करावे, झाडावर करावे, फार तर जुन्या सायकलीवर करावे. पण एका कंपनीने नफ्यासाठी काढलेल्या आणि नफा होईना म्हणून मिटलेल्या दुकानावर?

हा प्रश्न मला मलेशियात पडला. शाह आलम ही सेलांगोर राज्याची राजधानी. वस्ती मुख्यतः मलाय लोकांची. तिथे मुलीच्या घरी मी काही वर्षे राहिले. शेजारच्या घरातली सून शाळेत शिक्षिका होती. ती, तिचा नवरा आणि त्यांच्याकडे येणारी-जाणारी मित्रमंडळी, सारी 1985 ते 1990 च्या आसपास जन्मलेली. ती मला ‘आंटी’ म्हणे. आपल्या थोरल्या नणंदेला ती ‘काक’ अशी हाक मारी तेव्हा माझ्या मराठी कानाला हसू येई. मलायमध्ये ‘काक’ म्हणजे ताई. ही मंडळी संध्याकाळी ओसरीवर चहा घेत बसली की बोलता बोलता एकाच ठिकाणी येऊन पोहोचत: ‘जमान फ्रेंडस्टर’, म्हणजे फ्रेंडस्टरचा जमाना. मग सगळ्यांचे आवाज जरा मऊ होत. कुणी जुन्या पानाचा रंग सांगे, कुणी पान उघडताच आपोआप वाजू लागणारे गाणे सांगे. आणि शेवटी कुणीतरी म्हणे, ‘रिंदू’. ह्या शब्दाला मराठीत नेमका जोड नाही. ओढ, विरह आणि आठवण ह्या तिन्हींचे पाणी त्यात आहे.

मलाय भाषा ऐकताना मराठी माणसाला पुष्कळदा अनोळखी गर्दीत ओळखीचा चेहरा दिसल्यासारखे होते. ‘भाषा’ला ते ‘बहासा’ म्हणतात, ‘उपवासा’ला ‘पुआसा’. ‘दोसा’ म्हणजे खायचा पदार्थ नव्हे, तर पाप. आपला ‘दोष’ तिथे जाऊन एवढा मोठा झाला. ‘चिंता’ म्हणजे प्रेम, आणि ह्यात त्यांनी आपल्याहून अधिक शहाणपण दाखवले आहे असे मला नेहमी वाटते. संस्कृत शब्द शतकांपूर्वी समुद्रावरून तिथे गेले, अरबी शब्द नंतर गेले, आणि त्यातलेच काही अरबी शब्द दुसऱ्या वाटेने मराठीतही आले. त्यांपैकी दोन शब्द पुढे उपयोगी पडतील, म्हणून आधीच सांगून ठेवते. एक ‘माफ’, आणि दुसरा ‘जाहिर’, म्हणजेच आपला ‘जाहीर’.

ज्यांनी तो जमाना पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडी हकीकत सांगायला हवी. 1996 मध्ये मलेशिया सरकारने क्वालालंपूरच्या दक्षिणेला संगणक-उद्योगाचा मोठा पट्टा उभारायला घेतला आणि सगळ्या देशाला त्या वाऱ्याची झुळूक लागली. घरी संगणक असलेली कुटुंबे थोडी. म्हणून गावोगावच्या बाजारांत सायबर कॅफे निघाले. मुले त्याला ‘सीसी’ म्हणत. शाळा सुटली की गणवेशातच, खिशातले दोन-तीन रिंगिट चाचपत, पोरे तिथे जाऊन बसत. तिथे ‘एमआयआरसी’ नावाच्या गप्पांच्या कार्यक्रमात टोपणनावाने शिरायचे आणि समोरच्याला वय, लिंग, ठिकाण विचारून सुरुवात करायची. तिथल्या गप्पांच्या एका गाजलेल्या खोलीचे नाव होते ‘मामाक’. मामाक म्हणजे तमिळ मुसलमानांची रात्रभर उघडी राहणारी खाणावळ. फेसाळ ‘तेह तारिक’ चहा आणि गरम रोटी समोर घेऊन तिथे तास न् तास बसावे. हा शब्द तमिळ ‘मामा’वरून आलेला, म्हणजे आपलाच मामा! रिकामे बसून गप्पा हाणण्याला मलायमध्ये ‘लेपाक’ म्हणतात. आपल्याकडे कट्ट्यावर बसणाऱ्या मुलांबद्दल जे बोलले जाते, तेच 1990 नंतरच्या त्या दशकात तिथली वर्तमानपत्रे लेपाक करणाऱ्या मुलांबद्दल लिहीत. मुलांनी मग आपला लेपाक उचलला आणि पडद्याच्या आत नेऊन ठेवला. तिथे हटकणारे कोणी नव्हते.

पुढे 2003 च्या सुमारास फ्रेंडस्टर आले. ते काढले अमेरिकेत, कॅलिफोर्नियात. पण स्वतःच्या देशात ते लवकरच मागे पडले आणि फिलिपीन्स, इंडोनेशिया, मलेशिया ह्या देशांत मात्र आणखी काही वर्षे भरभराटले. प्रत्येकाचे एक पान असे. पानाची पार्श्वभूमी, अक्षरांचे रंग, चमचमणारी चित्रे, सगळे ज्याचे त्याने सजवायचे. पण त्या पानाचा मानबिंदू होता तो ‘टेस्टिमोनियल’, म्हणजे शिफारसपत्र. ते आपले आपण लिहायचे नसे. मित्राने आपल्याविषयी लिहायचे, आपण ते वाचून संमती द्यायची, आणि मग ते आपल्या पानावर सगळ्यांना दिसायचे. कोण आपल्याविषयी लिहील ह्याची वाट पाहावी लागे. कुणाला तरी ‘माझ्याविषयी लिही ना’ असे विनवावे लागे, आणि त्याने लिहिले की परतफेड म्हणून त्याच्याविषयी लिहिणे भाग पडे.

ह्या लिखाणाची भाषा पाहून तिथल्या शिक्षकांचे कपाळ सतत आठ्यांनी भरलेले असे. ‘नाही’ ह्या अर्थाच्या ‘ताक’ शब्दासाठी मुले नुसती फुली मारीत. ‘साया’ म्हणजे ‘मी’. त्याचे लाडिक ‘सायेव’ होई. आणि मलायमध्ये अनेकवचनासाठी शब्द दोनदा म्हणतात, ‘कावान-कावान’ म्हणजे मित्र-मित्र, मित्रमंडळी. तिथे मुले शब्द एकदाच लिहून पुढे 2 हा आकडा टाकीत. मौज अशी की हा आकडा मुलांच्या उनाडपणाचा शोध नव्हे. त्यांच्या आज्या-पणज्यांच्या काळी पुस्तकांतही असाच आकडा लिहीत. 1972 च्या लेखनसुधारणेत तो औपचारिक लेखनातून काढून टाकण्यात आला. शिक्षक ज्याला भाषेचा नाश म्हणत होते, तो आकडा आजीच्या ट्रंकेतून आलेला होता. मुलांना हे ठाऊक नव्हते, आणि रागावणाऱ्या बहुतेकांच्याही ते ध्यानी येत नव्हते.

त्याच सुमारास मायस्पेसवर गाण्यांची हौस फुलली. आज जगभर नाव असलेली मलाय गायिका युना शाह आलमलाच कायद्याचे शिक्षण घेत होती. तिची गाणी दूरदेशीच्या माणसांच्या कानी प्रथम पडली ती मायस्पेसवरून. 2009-10 च्या सुमारास सगळा लोंढा फेसबुककडे वळला. फेसबुकचे मलाय पोरांनी गंमतीने शब्दशः भाषांतर केले: ‘मुका बुकु’. ‘मुका’ म्हणजे मुख, चेहरा. मराठी माणसाला त्यात न बोलणारा मुका ऐकू येतो, आणि तो अर्थही मला पुढे पुढे अगदीच चुकीचा वाटेनासा झाला.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. हा जमाना खरोखरच एवढा रम्य होता का? नव्हता. हुरहुर ही चाळणी आहे. तिच्यातून गोड तेवढे खाली उतरते आणि खडे वरच राहतात. मायस्पेसच्या पानावर आपले आठ पहिले मित्र क्रमाने मांडण्याची सोय होती. जिवलग मैत्रिणीच्या आठांत आपण नाही, किंवा काल तिसऱ्या होतो त्या आज सातव्या आहोत, हे पाहून किती मुलींनी उशा भिजवल्या असतील! चौदा वर्षांच्या मनाला असा उतरता क्रम दाखवणे ही लहानशी का होईना, क्रूरताच होती. टोपणनावाच्या आड कोण बसले आहे हे कळायला मार्ग नव्हता. मुलींची छायाचित्रे उचलून भलत्याच नावाने लावणारे महाभाग तेव्हाही होते. ‘हा निरोप दहाजणांना पाठवला नाहीस तर अनर्थ होईल’ अशी पत्रे तेव्हाही फिरत. शिवाय ज्याच्या खिशात ते दोन-तीन रिंगिटही नसत, तो मुलगा सीसीच्या काचेबाहेर उभा राहून आत पाही. त्याच्या आठवणीत हा जमाना कसा असेल, हे ओसरीवर बसून चहा घेणाऱ्यांना सांगता येणार नाही.

म्हणजे मग ही सारी हुरहुर खोटी ठरते का? माणसे आपल्या सोळाव्या वर्षासाठी झुरतात आणि दोष किंवा श्रेय त्या वेळच्या गाण्याला, चपलेला, संकेतस्थळाला देतात, असे म्हणून हा विषय निकालात काढता येईल. पुष्कळ शहाणी माणसे तेच करतात. परंतु हे उत्तर मला पुरेसे वाटत नाही. सोळावे वर्ष सगळ्यांचेच जाते. ते गेल्याचे दुःख सगळ्यांना सारखे. पण त्यातून नेमकी कोणती गोष्ट कोण उचलून जपू पाहतो, ह्यात त्या माणसाचे काहीतरी दिसते. मी ओसरीवरच्या त्या गप्पा लक्ष देऊन ऐकत असे तेव्हा मला आढळे की आठ मित्रांची यादी कोणी आठवीत नसे. चमचमणारी चित्रे हसण्यापुरती आठवीत. पण टेस्टिमोनियलपाशी येऊन सगळे थांबत. कुणी काय लिहिले होते, हे पंधरा-वीस वर्षांनी अर्धेमुर्धे का होईना पण पाठ होते.

ह्याचे कारण शोधताना मला ‘जाहिर’ शब्दापाशी यावे लागले. रमजानचे उपास संपून हारी राया येते तेव्हा शहरे ओस पडतात. ह्याला ते ‘बालिक कम्पुंग’ म्हणतात, म्हणजे गावी परतणे. महामार्गांवर गाड्यांच्या रांगा लागतात, आणि ज्याचे गाव असेल तो गावी जातो. सणाच्या दिवशी धाकट्यांनी थोरल्यांचे हात हाती घेऊन वाकावे आणि म्हणावे, ‘माफ जाहिर दान बातिन’. जाहीर आणि अंतरीचे, दोन्ही माफ करा. जे मी उघडपणे केले तेही, आणि मनातल्या मनात केले तेही. संक्रांतीला आपण तिळगूळ हाती ठेवतो तेव्हा आपल्याही मनात असेच काहीसे असते. पण मलाय वाक्यात ‘अंतरीचे’ हा शब्द वेगळा काढून उच्चारला जातो, हे मला फार थोर वाटते. तुम्हांला ठाऊक नसलेल्या अपराधाचीही मी क्षमा मागतो!

फ्रेंडस्टरवरचे टेस्टिमोनियल जाहीर होते, सगळ्यांना दिसत होते. पण ते एका माणसाने एका माणसाला उद्देशून लिहिलेले होते. त्यात नाव घेऊन हाक असे, फक्त दोघांनाच कळेल अशी एखादी खूण असे, वर्गातल्या कुठल्याशा फजितीचा उल्लेख असे. जाहिराच्या पोटात बातिन सुखाने नांदत होते. आज ती मंडळी ज्या माध्यमांवर आहेत तिथे प्रत्येकजण सगळ्यांशी बोलतो, आणि बहुधा स्वतःविषयी बोलतो. कोणाचे बोलणे कोणाला दाखवायचे हे यंत्र ठरवते. आपले चित्र आपणच काढायचे, आपणच टांगायचे आणि पाहायला किती आले ते आपणच मोजायचे. पूर्वी आपले चित्र दुसऱ्याच्या हातात होते. ते वेडेवाकडे निघे, शुद्धलेखनाच्या चुकांनी भरलेले असे; पण ते काढायला कोणीतरी वेळ काढला होता. म्हणून मला वाटते, ही माणसे झुरतात ती संकेतस्थळासाठी नव्हे. कोणीतरी आपल्याला उद्देशून बोलावे, ह्यासाठी झुरतात.

‘नॉस्टॅल्जिया’ हा शब्द 1688 मध्ये योहानेस होफर नावाच्या वैद्यकाच्या विद्यार्थ्याने घडवला. परमुलखात राहणारी स्विस माणसे घराच्या ओढीने खंगत, त्या रोगाला नाव हवे होते. त्याने ‘परतणे’ आणि ‘वेदना’ ह्या अर्थांचे दोन ग्रीक शब्द जोडले. रोग असल्यामुळे त्याला उपायही होता, आणि तो सरळ होता: माणसाला घरी पाठवा. मलाय लोकांनी तर हा उपाय सणातच गोवून टाकला आहे. पण ज्या ठिकाणी परतायचे ते ठिकाणच नाहीसे झाले असेल तर?

फ्रेंडस्टर 2009 च्या डिसेंबरात एका मलेशियन कंपनीने विकत घेतले. ते घरी आले, असे क्षणभर वाटावे. पुढे 2011 च्या एप्रिलमध्ये सूचना निघाली की ह्याचे आता खेळांचे संकेतस्थळ होणार. तुमचे काय असेल ते उतरवून घ्या. त्या वर्षाच्या मध्यास जुनी छायाचित्रे, लेख, निरोप आणि टेस्टिमोनियल्स पुसली गेली. माणसाचे नाव आणि मित्रांची यादी तेवढी राखली गेली. मित्र कोण होते ते राहिले. मित्र काय म्हणाले होते ते गेले! 2015 च्या जूनमध्ये तेही दुकान बंद झाले. मायस्पेसने 2019 मध्ये कबूल केले की सामान एका यंत्रावरून दुसऱ्यावर हलवताना 2003 ते 2015 ह्या काळातली लोकांनी ठेवलेली गाणी नष्ट झाली. आकडा पाच कोटी गाण्यांचा सांगितला गेला.

ह्यात कोणाचा काय अपराध, हे पाहू गेले तर उत्तर सोपे नाही. कायद्याने पाहावे तर सूचना दिली होती, मुदत दिली होती, आणि आयुष्यभर सांभाळू असे वचन कोणी दिलेच नव्हते. ती मुले दुसऱ्याच्या जमिनीवर घर बांधून राहिली होती, भाडेही देत नव्हती; जमीनमालकाने एक दिवस नांगर फिरवला. परंतु व्यवहाराच्या पलीकडेही एक धर्म असतो. कोणी आपल्याकडे धान्य ठेवायला दिले तर आपण दुकानदार असतो. कोणी पत्रे ठेवायला दिली की थोडेसे विश्वस्त होतो. ज्याने लोकांना ‘तुमच्या मैत्रीचे शब्द माझ्याकडे आणून ठेवा’ असे आवतण दिले आणि त्या शब्दांच्या गर्दीवर जाहिराती विकल्या, त्याला ‘मी तर नुसता दुकानदार’ असे म्हणून मोकळे होता येणार नाही, असे माझे मत आहे.

तथापि ह्याची दुसरी बाजू त्याच शेजारच्या घरात मला पाहायला मिळाली. त्या शिक्षिकेचा तीन वर्षांनी मोठा भाऊ ती कॉलेजात असताना मोटारसायकलच्या अपघातात गेला. त्याने तिच्या पानावर अशाच चार ओळी लिहिल्या होत्या. कोणत्या संकेतस्थळावर ते सांगण्याची गरज नाही. ते आता नाही, आणि असते तरी तिचा पासवर्ड विसरलेला होता आणि ज्या ई-मेलवर नवा मागवायचा तो पत्ताही कधीच मिटलेला होता. घरात भावाची छायाचित्रे होती, घड्याळ होते, त्याने जिंकलेला बॅडमिंटनचा चषक होता. ‘पण माझ्याविषयी त्याने लिहिलेले तेवढेच होते, आंटी,’ ती एकदा म्हणाली. ‘मला रडूबाई म्हटले होते हे आठवते. शेवटच्या ओळीत काहीतरी चांगले म्हटले होते. शब्द आठवत नाहीत.’

तिचा नवरा शेजारीच बसला होता. तो तिच्या पाठीवर हात ठेवून जरा वेळाने म्हणाला, ‘आणि माझे पान गेले म्हणून मी देवाचे आभार मानतो.’ त्याच्या पानावर सतराव्या वर्षी दुसऱ्याच एका मुलीला उद्देशून केलेल्या ‘जिवांग’ कविता होत्या. ‘जीवा’ म्हणजे आपला जीव. त्यावरूनच तरुणांनी हळवेपणाच्या अतिरेकाला ‘जिवांग’ हा थट्टेचा शब्द केला आहे. शिवाय एका वर्गमित्राच्या रंगरूपाची सगळ्यांनी मिळून केलेली टिंगलही तिथे होती. ‘ते आज कोणी माझ्या मुलांना दाखवले तर?’ तो म्हणाला.

एकाच छपराखाली एकाला पुसले गेल्याचे दुःख आणि दुसऱ्याला पुसले गेल्याचे समाधान! कोणाचे खरे? मला वाटते, दोघांचेही. आणि दोघांच्याही म्हणण्यात एकच गोष्ट दडली आहे. काय जपावे आणि काय विसरावे हे माणसांनी ठरवायचे असते. यंत्राने सरसकट पुसले म्हणजे त्याने क्षमा केली असे होत नाही. क्षमा करायला आधी आठवावे लागते. ज्याची टिंगल झाली त्या वर्गमित्राच्या मनात ते अजून असेल, आणि ‘माफ’ हा शब्द त्याच्यासमोर जाऊनच उच्चारावा लागेल. पान गेल्याने पुरावा गेला, दोसा गेला नाही. त्याचप्रमाणे यंत्राने सगळे साठवून ठेवले म्हणजे त्याने आठवण ठेवली असेही होत नाही. आजची माध्यमे दरवर्षी त्या त्या तारखेला ‘सात वर्षांपूर्वी आजच्या दिवशी’ म्हणून जुने छायाचित्र पुढे करतात. त्यात कधी मोडलेल्या लग्नाचे असते, कधी गेलेल्या माणसाचे. वेळ कोणती, मन कसे आहे, हे न पाहता केलेली आठवण ही आठवण नव्हे. कोठाराचे दार वाऱ्याने उघडावे तसा तो प्रकार आहे. साठवणे आणि स्मरणे ह्यांत जो फरक आहे, तो पुसणे आणि क्षमा करणे ह्यांतही आहे. पहिली दोन यंत्राची कामे, दुसरी माणसांची.

हे ध्यानी घेतले म्हणजे त्या हुरहुरीचे काय करावे, ह्याचे उत्तर थोडेसे दिसू लागते. हुरहुर ही ‘मला परत द्या’ अशी मागणी असेल तर ती वांझ आहे. फ्रेंडस्टर उद्या कोणी पुन्हा उभे केले तरी तिथे परतणारी माणसे सोळा वर्षांची नसतील आणि तो भाऊ नसेल. पण हुरहुर ही देण्याची जाणीवही असू शकते. कोणीतरी एके काळी माझ्यासाठी वेळ काढून माझ्याविषयी चार ओळी लिहिल्या. ते ऋण माझ्याकडे बाकी आहे. ज्याचे देणे तो कदाचित हयात नसेल, किंवा बोलण्यात राहिला नसेल. म्हणून ते फेडायचे नाही असे नाही. ते जिवंत माणसांना फेडायचे.

त्या शिक्षिकेने एका रायाला असे काहीसे केले. छापील शुभेच्छापत्रे तिथेही आता दुर्मिळ झाली आहेत. तिने शोधून अकरा आणली, आणि अकरा जुन्या मित्रमैत्रिणींना, त्यांच्याविषयी तिला काय वाटते ते, स्वतःच्या हाताने लिहून टपालाने धाडले. चौघांची उत्तरे आली. दोघांची कार्डे पत्ता चुकल्यामुळे परत आली. बाकीच्यांचे काय झाले कळले नाही. एका मैत्रिणीने फोनवर विचारले, ‘तू बरी आहेस ना?’ कारण हल्ली कोणी असे लिहिले की माणसाला आधी काळजी वाटते! हे सांगताना ती हसत होती. पण ती चार उत्तरे तिने भावाच्या चषकात उभी करून ठेवली होती.

ह्या पिढीपुढे आता आणखी एक काम आले आहे. त्यांची मुले मोठी होत आहेत. 2025 च्या नोव्हेंबरात मलेशिया सरकारने जाहीर केले की सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते उघडता येऊ नये अशी व्यवस्था 2026 पासून आणायची आहे. बंदी योग्य की अयोग्य ह्या वादात मी शिरत नाही. पण त्या बंदीला मनोमन दुजोरा देणारे कित्येक आईबाप स्वतः चौदाव्या वर्षी सीसीत बसून वय खोटे सांगत होते, ही गोष्ट त्यांना सोयीस्करपणे विसरता येणार नाही. ‘आमचा जमाना निर्मळ होता, तुमचा बिघडला आहे,’ असे मुलांना सांगणे हे हुरहुरीचे सर्वांत स्वस्त रूप. मुलांना त्यातून एवढेच कळते की आईबाप आपल्या बाजूचे नाहीत. त्यापेक्षा मुलाला शेजारी बसवून म्हणावे, ‘तुझ्या मित्राविषयी चार ओळी लिही पाहू. त्याच्याविषयी, स्वतःविषयी नव्हे.’ ते कागदावर लिहिले की पडद्यावर, ह्याने काही बिघडत नाही.

आपल्यालाही ह्या साऱ्यापासून अंग झटकून दूर राहता येईल असे नाही. आपल्याकडची त्याच वयाची पिढी ऑर्कुटवर वाढली. 2004 मध्ये सुरू झालेले ते संकेतस्थळ 30 सप्टेंबर 2014 रोजी बंद झाले. तिथेही टेस्टिमोनियल होतेच. आपल्या घरातली जी मुले आज स्वतः आईबाप झाली आहेत, त्यांना विचारून पाहा. त्यांच्याही आवाजात तो मऊपणा येईल. आणि ह्या दिवाळीला आपल्या हातातल्या फोनवर पणत्यांची किती चित्रे येऊन पडतील! पाठवणाऱ्याने ती उघडूनही पाहिलेली नसतील, आपणही ती तशीच पुढे ढकलू. पाडव्याला ओवाळून घेणाऱ्या, भाऊबीजेला ताट सजवणाऱ्या घरांत माणसांना एकमेकांविषयी काही वाटत नाही असे कसे म्हणावे? वाटते, पण ते सगळे अंतरीचे राहते, आणि जाहीर होतात त्या परक्या पणत्या.

म्हणून सणाच्या चार दिवसांत एक सवड काढावी, एवढेच माझे सांगणे. एकच माणूस निवडावा. त्याचे नाव लिहून सुरुवात करावी, त्याच्याविषयी आपल्याला जे चांगले वाटते ते लिहावे, आणि त्यात अशी एक तरी खूण ठेवावी जी दुसऱ्या कोणाला पाठवली तर निरर्थक होईल. शुद्धलेखन चुकले तरी चालेल. त्याने ते जपून ठेवले तर उत्तम. हरवले तरी, कधी वीस वर्षांनी, आपल्याला कुणीतरी काहीतरी चांगले म्हटले होते, एवढे त्याला आठवेल.